विदूषक, असं लिवा

यमुनामावशींना मी पहिल्यांदा पाहिलं ते जिन्यावरून पडताना.

नाशिकरोडच्या मुलींच्या शाळेत भूगोल शिकवायला लागून मला जेमतेम आठवडा झाला होता. चौऱ्याहत्तर साल असावं. शाळेचा चहा वरच्या मजल्यावर, प्रयोगशाळेच्या शेगडीवर व्हायचा आणि शिक्षिकांची खोली खाली होती. मधल्या सुट्टीत मी जिन्याच्या तळाशी उभी होते. वरून एक ठेंगणी, रुंद खांद्यांची शिपाईबाई चहाचा ट्रे घेऊन उतरत होती. नुकत्याच पुसलेल्या पायरीवरून तिचा पाय सटकला. पाच-सहा पायऱ्या ती गडगडत आली, पण ट्रे धरलेला हात डोक्याच्या वर होता आणि तो जरासुद्धा कलला नाही. शेवटच्या पायरीवर ती मांडी घालून बसली. सहा कप, सहा बश्या जागच्या जागी. एका बशीत चमचाभर चहा सांडला होता, त्याच्याकडे तिनं रागानं पाहिलं.

"वय झालं," ती म्हणाली.

मी धावले. "लागलं का हो?"

"लागायला काय झालं? म्या पडले. मला कुणी पाडलं नाय."

आणि उठून, पदर खोचून चहा द्यायला निघूनही गेली. त्या संध्याकाळी चित्रकलेच्या बाईंनी मला सांगितलं, "अगं, मावशी सर्कशीतल्या. जोकर होत्या म्हणे." मला ते खरं वाटलं नाही. दुसऱ्या दिवशी मी सरळ त्यांनाच विचारलं. मावशी झाडू भिंतीला टेकवून माझ्याकडे वळल्या.

"जोकर पत्त्यांत असतो, बाई. आम्ही विदूषक. आज्या, बाप आन् मी. तीन पिढ्या."

तेव्हा त्या पंचेचाळिशीच्या असतील. नाक मधोमध जरा वाकलेलं, डावी भुवई अर्धीच. वर्षानुवर्षं तोंडाला रंग फासून ती झडली ती पुन्हा आली नाही. मनगटं एखाद्या गवंड्यासारखी. कुठल्याही खोलीत शिरल्या की आधी दार कुठं आहे ते बघायच्या, मग माणसं किती आहेत ते. स्टाफच्या बैठकीत चहा देता देता त्या सगळ्यांच्या तोंडांवरून एकदा नजर फिरवायच्या आणि बाहेर आल्यावर मला सांगायच्या, "गर्दी आज थंड हाय." बहुतेक वेळा ते खरं निघायचं.

हसवणं हा ज्यांचा घरचा धंदा, त्या मावशी स्वतः फार कमी हसत. आणि फुकट हसणाऱ्यांवर त्यांचा विशेष राग. एखादी मुलगी फळ्याकडे जाताना अडखळली आणि वर्ग खिदळला, तर दारातून जाणाऱ्या मावशी थांबायच्या आणि वर्ग गप्प होईपर्यंत बघत राहायच्या. एकदा स्नेहसंमेलनाच्या तयारीत हिंदीचे सर त्यांना म्हणाले, "मावशी, जरा करून दाखवा ना काहीतरी, हसू आम्हीपण." मावशी हातातल्या खुर्च्या खाली न ठेवता म्हणाल्या, "सर, हिंदीची एक कविता म्हणून दाखवा ना मला, खुर्च्या लावता लावता." सर गोरेमोरे झाले. मावशींनी मात्र ते उद्धटपणानं म्हटलं नव्हतं. सरांचं काम ते काम आणि आपलं काम ती गंमत, हे त्यांना मान्य नव्हतं, एवढंच.

त्या जेलरोडला एका खोलीत राहायच्या, त्यांच्या वडिलांबरोबर. आबा तेव्हा सत्तरीच्या पुढचे. एक पाय गुडघ्यात वाकत नसे, त्यामुळे तो सरळ पुढे पसरून ते उंबऱ्याशी बसलेले असायचे आणि जाणारा-येणारा तो पाय ओलांडून जायचा. सर्कस शेवटचा मुक्काम करून नाशिकरोडलाच मोडली. मालकानं तंबू विकला, माणसं पांगली आणि हे बापलेक इथंच राहिले. गाव कुठलं म्हणून विचारलं तर मावशी म्हणायच्या, "आज्याचं देवळ्याकडं. माझं कुठलं? दर पंधरा दिवसांनी बदलायचं."

त्या विदूषक कशा झाल्या ते मला आबांच्या समोरच, त्या खोलीत कळलं.

मावशींना एक भाऊ होता. त्याला सर्कशीत रस नव्हता. तो ट्रकवर ड्रायव्हर होऊन गेला. घराण्याचा पांढरा रंग आणि ढगळ विजार आबांपाशीच संपणार, असं सगळ्यांनी धरलं होतं. मालकाच्या मनात यमुनाला झुल्यावर घालायचं होतं. सोळा वर्षांची पोर, अंगानं लवचिक. चमकीचा कपडा शिवूनही आणला होता.

"म्या म्हटलं, मला टांगून घ्यायचं नाय. मला हसवायचंय," मावशी सांगत होत्या. "तर हेच," त्यांनी आबांकडे बोट केलं, "हेच म्हणाले, बाईमाणसाला बघून लोक हसत नाय. नुसते बघतात."

"खरंच होतं ते," उंबऱ्यावरून आबा म्हणाले.

मालेगावच्या मुक्कामात आबांचा गुडघा गेला. शिडीवरून पडायचा रोजचाच खेळ, पण शिडीच तुटली. दुसऱ्या दिवशी दुपारचा खेळ विदूषकाशिवाय करायचं ठरलं. आबा तंबूमागच्या बाजेवर पाय बांधून पडले होते. बँड सुरू झाला, घोडे आत जाऊन आले आणि मग आबांना आतून हशा ऐकू आला. आधी थोडा. मग मोठा. मग लाकडी बाकांवर पाय आपटल्याचा आवाज. उशाशी ठेवलेली विजार जागेवर नव्हती, हे त्यांच्या तेव्हा लक्षात आलं.

"मला बाजेवरून उतरता येईना," आबा म्हणाले. "पडल्या पडल्या मोजत होतो. माझ्या शिडीच्या खेळाला अकरा हशे होते. हिनं तेरा घेतले."

"मग तुम्ही काय म्हणालात?" मी विचारलं.

"म्हटलं, माझी विजार काढ. उद्यापासून स्वतःची शिव."

बापाकडून मिळालेली शाबासकी ती एवढीच. आबांनी ती सांगताच मावशींनी मान अशी वर केली, की जणू कुणी हार घातला होता.

पुढं नऊ वर्षं प्रेक्षकांना कळलंच नाही की टोपीखाली बाई आहे. मग मनमाडला एका खेळात टोपी उडाली आणि कमरेपर्यंतची वेणी खाली आली. तंबू एकदम चिडीचूप. मग पुढच्या रांगेतून शिट्टी, मागून दुसरी, मग सगळीकडून शिट्ट्या आणि नको ते बोलणं. रिंगमास्टर तिला आत बोलवायला लागला. मावशी आत गेल्या नाहीत. रिंगणाच्या मधोमध बसल्या, खिशातून फणी काढली आणि वेणी सोडून केस विंचरायला लागल्या. अगदी घरच्यासारख्या, घाई नाही. पहिली शिट्टी ज्यानं मारली होती त्या मिशाळ माणसाला खुणेनं बोलावलं. तो फुशारकीनं आला. त्याच्या हातात आरसा दिला. दुसऱ्या हातात रिबीन. आरसा जरा वर, जरा खाली, जरा डावीकडं, असं करत त्याला उकिडवं बसवलं, गुडघ्यावर आणलं आणि शेवटी वेणीचं टोक त्याच्या दातांत धरायला दिलं. आता तंबू त्याला हसत होता. शिट्ट्या थांबल्या होत्या. मावशींनी वेणी घातली, रिबीन बांधली आणि त्याचे आभार मानून त्याला जागेवर पोचवलं.

"त्या दिवसापासनं टोपी मीच पाडायची," मावशी म्हणाल्या. "रोज. ठरवून."

शाळेत जे घडलं ते मात्र असं चटकन निभावलं नाही. आणि त्यात माझाही भाग आहे, म्हणून ते सांगायलाच हवं.

आठवीतली एक मुलगी व्हरांड्यात धावताना पडली आणि तिचं मनगट मोडलं. मावशी तिला रिक्षातून दवाखान्यात घेऊन गेल्या. परत आल्या त्या रागानं धुमसत. "एवढ्या मोठ्या घोड्या, आन् पडता येत नाय! कुणी शिकवलंच नाय!" तेव्हा शाळेच्या मागं नवे वर्ग बांधायला वाळूचा ढीग पडला होता. बुधवारी शेवटचा तास आठवी-ब वर माझा असायचा. मावशींनी मला विचारलं, "बाई, अर्धा तास पोरी द्या मला." मी दिल्या.

तो अर्धा तास मी झाडाखाली उभी राहून बघत असे. मावशी पदर कमरेला घट्ट बांधून वाळूवर स्वतः पडून दाखवायच्या. पुढे, मागे, बाजूला. "हात पुढं टाकायचा नाय. जमिनीला खांदा द्यायचा, मनगट नाय. दात मिटायचे. श्वास सोडून द्यायचा." आणि सगळ्यात महत्त्वाचं त्या शेवटी सांगायच्या: "लाजायचं नाय. पडताना जी पदर सावरती तीच मोडती." मुली सुरुवातीला स्कर्ट धरून खिदळायच्या. महिन्याभरात त्या स्कर्टाखाली भावांच्या विजारी घालून यायला लागल्या आणि वाळूवरून कोलांट्या घेत उठायला लागल्या. ज्या मुलींना घरून-दारून सतत 'सांभाळून' एवढंच ऐकायची सवय, त्या आपणहून पडत होत्या. त्यांचे चेहरे मला अजून आठवतात.

विजारींवरूनच बोभाटा झाला. एकलहऱ्याहून बसनं येणाऱ्या शैला नेरकर नावाच्या मुलीच्या वडिलांनी संस्थेकडे लेखी तक्रार केली. सर्कशीतील एक बाई शाळेत मुलींना उड्या मारायला शिकवते, हे कुलीन घरच्या मुलींना शोभत नाही, सदर बाईस काढून टाकावे.

संस्थेचे चिटणीस स्वतः आले. मुख्याध्यापिकांच्या खोलीत मावशींना बोलावलं. आठवी-ब ची वर्गशिक्षिका म्हणून मीही होते.

"तुम्ही सर्कशीत होतात, हे अर्जात लपवलंत," चिटणीस म्हणाले.

"अर्ज म्या लिवला नाय. मला लिवता येत नाय. तुमच्या कारकुनानं इचारलं, आधी काय करत होता? म्या सांगितलं, विदूषक. तो हसला आन् 'घरकाम' लिवलं."

"ते असो. मुलींना हे असलं शिकवायला तुम्हाला परवानगी कोणी दिली?"

मावशींनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "कुणी नाय. माझं मी."

मी बोलायला हवं होतं. दोन शब्दांचं काम होतं, 'मी दिली'. माझी नोकरी अजून कायम व्हायची होती. मी टेबलावरच्या पृथ्वीच्या गोलाकडे बघत बसले.

चिटणिसांनी कागद पुढे केला. "यावर अंगठा द्या. यापुढे शाळेत सर्कशीचा विषय काढणार नाही, मुलींना काही शिकवणार नाही, आणि झाल्या प्रकाराबद्दल मी दिलगीर आहे."

मावशींनी तो मुख्याध्यापिकांकडून वाचून घेतला, दोनदा. मग म्हणाल्या, "पहिली दोन चालतील. शाळा तुमची, हुकूम तुमचा. तिसरं नाय."

"का?"

"दिलगीर नाय मी. माझ्या आज्यानं केलं, बापानं केलं, मी केलं. चोरी नाय केली. साहेब, मला काढायचं तर काढा. पण मी वाईट होते असं माझ्याच अंगठ्यानं लिवून नाय देणार."

घरी पाय पसरलेला म्हातारा होता, दुसरं कुणी नव्हतं. हे त्या खोलीतल्या प्रत्येकाला माहीत होतं, आणि मावशींना सगळ्यात जास्त.

त्यांना काढलं नाही. फाटकावर बसवलं आणि इमारतीत पाय ठेवायला बंदी केली. कंटाळून आपणच जाईल, असा हिशेब असावा. मावशी घरून स्टूल आणि पाण्याचा छोटा माठ घेऊन आल्या आणि फाटकाशी अशा बसल्या जणू ती जागा त्यांनी मागून घेतली होती. चिटणिसांची गाडी आली की उठून सलामी द्यायच्या. साधी नाही. रिंगणातली. एक पाय मागे, कमरेतून वाकून, हात जमिनीजवळून असा भला मोठा फिरवून, आणि मग हळूहळू वर. मुली खिडक्यांत गोळा व्हायच्या. चिटणिसांना बोलायला जागा नव्हती. शिपायानं सलाम फार चांगला केला, अशी तक्रार कुणाकडे करणार? पुढं पुढं ते मागच्या दारानं यायला लागले.

एक दिवस मी डबा घेऊन फाटकापाशी गेले.

"त्या दिवशी तुम्ही गप बसलात," मावशीच म्हणाल्या. "मला राग आला होता."

"आणि आता?"

"आताबी हाय. बसा. भाकर खा."

मी बसले. त्यानंतर रोज बसत गेले.

थंडीचे दिवस होते. सकाळी एकलहऱ्याची बस शाळेसमोर थांबायची. शैला नेरकर नेहमीप्रमाणे बस पुरती थांबण्याआधीच उतरायला गेली आणि दप्तराचा पट्टा दांडीत अडकला. पट्टा तुटला, पोर रस्त्यावर फेकली गेली. मागून कांद्यानं भरलेली ट्रॅक्टरची ट्रॉली येत होती. मी फाटकापासून वीस पावलांवर होते. मी डोळे मिटले नाहीत, म्हणून सांगू शकते. शैलानं हात पुढे टाकला नाही. खांदा खाली गेला, अंगाचं गाठोडं झालं, एक कोलांटी, दुसरी, आणि ती रस्त्याच्या कडेला उकिडवी बसलेली. ट्रॉलीचं चाक तिच्या दप्तरावरून गेलं.

मग फाटकातून मावशींचा आवाज आला. "तोंड उघडं होतं! दात मिटायचे म्हणून सांगितलं नव्हतं?"

शैला रडायला लागली. मावशींनी तिला उठवलं, खांदा, कोपर, गुडघे दाबून पाहिले, आत पाठवलं. मग स्टुलावर बसल्या. मी माठातून पाण्याचा पेला भरला. त्यांनी तो एका दमात रिकामा केला.

दुसऱ्या दिवशी नेरकर आले. चांगले माणूस होते, घाबरलेले. मावशींसमोर हात जोडून म्हणाले, "तुमचे फार उपकार झाले हो."

"उपकार नाय. पोरगी हुशार हाय तुमची." मावशी स्टुलावरून उठल्या नव्हत्या. "पण साहेब, तक्रार लेखी केली होती ना?"

"हो... ती..."

"मग हेबी लेखी द्या."

नेरकरांनी तिथंच, फाटकाच्या खांबावर कागद धरून लिहिलं. मावशींनी तो माझ्या हातात दिला. "बाई, वाचा. मोठ्यानं." मी वाचलं. आपण केलेली तक्रार मागे घेत आहोत. सर्कशीतील बाईंनी शिकवल्यामुळे आपल्या मुलीचा जीव वाचला. त्यांना पूर्ववत कामावर घ्यावे.

"सर्कशीतील बाई नाय," मावशी म्हणाल्या. "ते खोडा. विदूषक. यमुनाबाई, विदूषक, असं लिवा."

नेरकरांनी खोडलं आणि लिहिलं. मी ते पुन्हा वाचलं. मग त्याच कागदाच्या खाली मी माझ्या पेननं लिहिलं, की बुधवारचा तास माझा होता आणि परवानगी मी दिली होती. सही केली. मावशींनी विचारलं, "तुम्ही काय लिवलं?" मी वाचून दाखवलं. त्या दिवशी त्यांनी मला त्यांच्या डब्यातला ठेचा न विचारता वाढला.

मावशी इमारतीत परतल्या. चिटणिसांनी मला एक कडक पत्र दिलं आणि नोकरी कायम व्हायला माझं आणखी एक वर्ष गेलं. वाळू केव्हाच नव्या भिंतींत गेली होती, पण मुख्याध्यापिकांनी वेळापत्रकात बुधवारी 'कवायत' असं घालून घेतलं आणि तो तास सुरू असताना मागच्या बाजूला बघायचं सोडून दिलं.

आबा पुढं चार-पाच वर्षांनी गेले. भेटायला येणारे मावशींना 'बिचारी एकटी' म्हणायला लागले तेव्हा त्यांनी दुसऱ्याच दिवसापासून शाळेत कामाला यायला सुरुवात केली. कुणी डोळ्यांत पाणी आणून समोर आलं की त्याच्या हातात डस्टर द्यायच्या.

शहाऐंशी साली त्या निवृत्त झाल्या. अठ्ठावन्न पूर्ण झाल्याचं कागदावर होतं. "ती तारीख तुमच्या कारकुनानंच टाकलेली," त्या म्हणाल्या. "माझ्या जन्माचं आबांना एवढंच आठवायचं, की हत्तीण आजारी होती." निरोपाला साडी-नारळ झाला, 'निष्ठावंत सेवा' वगैरे भाषणं झाली. मावशी खुर्चीत ताठ बसून गर्दी मोजत होत्या.

त्याच महिन्यात नाशिकरोडला एक लहानशी सर्कस उतरली होती. तंबूला ठिगळं, जनावरं नावापुरती. सर्कस निघायच्या दिवशी सकाळी चित्रकलेच्या बाई मला म्हणाल्या, "मावशींची खोली रिकामी आहे, कुलूपसुद्धा नाही." मी रिक्षा करून मैदानावर गेले. ट्रक भरत होते. पुढच्या ट्रकपाशी मावशी तरुण मालकाशी भांडत होत्या.

"मागं भांड्यांत नाय बसणार. विदूषक पुढं बसतो. तुमच्या आज्याच्या वेळेपासनं."

मालक हसला नाही. त्यानं मुकाट्यानं दार उघडलं.

"मावशी, या वयात?" मी म्हणाले, आणि म्हणताक्षणी मला माझीच लाज वाटली.

"शाळेनं म्हातारी ठरवली, बाई. ह्यांनी नाय." त्या वर चढल्या. मांडीवर एक गाठोडं, त्यावर एक मरतुकडं पांढरं कुत्रं. "काल दुपारच्याला आत जाऊन आले. नऊ हशे आले. धुळ्यापर्यंत वाढतील."

"पत्ता काय तुमचा?"

"पत्ता कशाला? तंबू लांबून दिसतो."

ट्रक निघाला. चौकात पोलिसानं तो अडवला. सामान उंच झालं होतं, की रस्ता मोठ्या गाड्यांना बंद होता, मला कळलं नाही. ड्रायव्हर खाली उतरून गयावया करायला लागला. तेवढ्यात डावीकडच्या खिडकीतून मावशींचं अर्धं अंग बाहेर आलं. त्या काय बोलल्या ते इतक्या लांबून ऐकू आलं नाही. फक्त त्यांचा हात दिसत होता, बाजूला हो, बाजूला हो, असा खुणावणारा. पोलिसानं आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग ट्रककडे, मग आजूबाजूला जमलेल्या लोकांकडे. आणि तो बाजूला झाला.